महामार्ग निवृत्त होतो तेव्हा : नोएडाच्या दादरी रस्त्याची कहाणी

दिल्लीच्या आग्नेयेस, यमुनेच्या पलीकडच्या तीरावर वसलेल्या नोएडा शहरात एक रस्ता आहे. सरकारी कागदपत्रांत त्याची ओळख ‘डी.एस.सी. मार्ग’ अशी आहे. ही तीन अक्षरे म्हणजे दादरी, सूरजपूर आणि छलेरा या तीन गावांची आद्याक्षरे होत. रोज या रस्त्यावरून जाणाऱ्या बहुसंख्य नोकरदारांना त्यांचा अर्थ ठाऊक नसतो. एकेकाळी गावाला गाव आणि गावांना तालुक्याचा बाजार जोडणारा हा रस्ता आज काचेच्या इमारती, कापडाचे कारखाने, भाड्याच्या चाळी आणि भाजीबाजार यांमधून वाट काढतो. नोव्हेंबर २०२५ मध्ये त्याच्या सर्वाधिक गजबजलेल्या टप्प्यावर सुमारे साडेचार किलोमीटर लांबीचा सहा पदरी उन्नत मार्ग वाहतुकीसाठी खुला झाला. दूर जाणारी वाहने त्यावरून जाऊ लागली आणि मूळ रस्ता त्याच्या सावलीत उरला.

उपनगरांतील जुन्या मार्गांचे असे निवृत्त होणे आपल्या देशात नवीन नाही. शहर वाढते, बाहेरून नवा द्रुतगती मार्ग जातो, जुन्या मार्गाचा क्रमांक बदलतो किंवा त्याचा राज्यमार्गाचा दर्जाच काढून घेतला जातो. मुंबई, पुणे आणि जळगावच्या नागरिकांनीही ही प्रक्रिया निरनिराळ्या रूपांत पाहिली आहे. रस्ता मात्र जागच्या जागी असतो आणि त्यावरून चालणारी माणसेही तीच असतात. अशा वेळी त्या रस्त्याची जबाबदारी नेमकी कोणाकडे जाते, हा या लेखाचा विषय आहे. प्रश्न तांत्रिक वाटला, तरी त्याचे उत्तर पदपथ, दिवे, सांडपाणी आणि प्रसंगी माणसाच्या जिवाशी निगडित आहे.

छलेऱ्यापासून दादरीपर्यंत

प्रथम या मार्गाची ओळख करून घेऊ. त्याचे पश्चिमेकडील टोक छलेरा गावाजवळ, म्हणजे आजच्या सेक्टर ३७ आणि ४४ च्या परिसरात आहे. तेथून तो आगाहपूर आणि बरौला या गावांजवळून पुढे सरकतो. ही गावे आता सेक्टरांनी चहूबाजूंनी वेढली गेली आहेत. सेक्टरांना क्रमांक मिळाले, गावांची नावे मात्र टिकली. पुढे सलारपूर आणि भंगेल लागतात. नोएडातील अत्यंत दाट वस्तीच्या भागांत यांची गणना होते. कारखान्यांत काम करणारा कामगारवर्ग येथे भाड्याने राहतो आणि रस्त्याच्या दोन्ही अंगांना किराणा, कापड, औषधे, भांडी अशा दुकानांची अखंड रांग दिसते.

भंगेलनंतर ‘फेज दोन’ हा औद्योगिक पट्टा सुरू होतो. नोएडा विशेष आर्थिक क्षेत्र येथेच आहे. १९८५ मध्ये निर्यात प्रक्रिया क्षेत्र म्हणून त्याची स्थापना झाली होती. त्यापुढे रस्ता हिंडन नदी ओलांडतो आणि कुलेसऱ्याला पोहोचतो. तेथून सूरजपूर, म्हणजे गौतम बुद्ध नगर जिल्ह्याचे मुख्यालय. पुढे तिलपता येथील मोठा चौक ओलांडला की रस्ता दादरीला ग्रँड ट्रंक रोडला मिळतो. या मार्गाची एकूण लांबी वीस-पंचवीस किलोमीटरच्या घरात आहे.

दादरी हे नाव महाराष्ट्रातील उद्योगजगताला अपरिचित नाही. दिल्ली–हावडा लोहमार्गावरील हे स्थानक असून येथे आयात-निर्यातीच्या कंटेनरांचे मोठे आगार आहे. मालवाहतुकीसाठीच्या पश्चिम समर्पित मार्गिकेची आखणी नवी मुंबईच्या जवाहरलाल नेहरू बंदरापासून दादरीपर्यंत, सुमारे दीड हजार किलोमीटरची करण्यात आली. एका छोट्या तालुक्याच्या गावाचे नाव उरणपर्यंत पोहोचले ते असे. साहजिकच मालमोटारींचा ओघ दादरी आणि सूरजपूरच्या दिशेने वाढत गेला आणि गावांसाठी असलेल्या रस्त्यावर अवजड वाहतुकीचा भार आला.

१८०३ चा स्तंभ आणि १९७६ ची नगरी

या रस्त्याच्या छलेऱ्याकडील टोकाशी मराठी वाचकाने थोडे थांबावे असे एक स्थळ आहे. सेक्टर ३८ मधील गोल्फच्या मैदानात एक दगडी स्तंभ उभा आहे. ११ सप्टेंबर १८०३ रोजी याच परिसरात जनरल लेक यांच्या नेतृत्वाखालील इंग्रज फौज आणि दौलतराव शिंदे यांची फौज यांच्यात लढाई झाली. इतिहासात ती दिल्लीची किंवा पटपडगंजची लढाई म्हणून ओळखली जाते. शिंद्यांच्या कवायती पलटणींचे नेतृत्व लुई बुर्कें हा फ्रेंच सेनानी करीत होता. इंग्रजांचा विजय झाला आणि दिल्ली त्यांच्या ताब्यात गेली. त्याच वर्षी ३० डिसेंबरला सुर्जी-अंजनगाव येथे तह झाला आणि गंगा-यमुनेच्या दुआबावरील शिंद्यांचा अधिकार संपुष्टात आला. ते अंजनगाव आजच्या अमरावती जिल्ह्यात आहे. ज्या भूमीवर आज नोएडाचे सेक्टर उभे आहेत, तिचे भवितव्य अशा रीतीने वऱ्हाडातील एका गावी झालेल्या तहाने ठरविले.

त्यानंतर पावणेदोनशे वर्षे हा प्रदेश शेतीचाच राहिला. यमुना आणि हिंडन या दोन नद्यांमधील ही जमीन सुपीक होती आणि पुराचे भयही होते. दादरी त्या काळी बुलंदशहर जिल्ह्यात मोडत असे. १९७६ मध्ये चित्र पालटले. उत्तर प्रदेश औद्योगिक क्षेत्र विकास अधिनियम त्याच वर्षी आला आणि १७ एप्रिल १९७६ रोजी न्यू ओखला इंडस्ट्रियल डेव्हलपमेंट ऑथॉरिटी स्थापन झाली. या लांबलचक इंग्रजी नावाची आद्याक्षरे म्हणजेच नोएडा. शहराला प्राधिकरणाचे नाव मिळण्याचे हे एक विरळा उदाहरण होय. राजधानीतील लहान उद्योगांना यमुनेपलीकडे जागा द्यावी आणि दिल्लीवरील भार हलका करावा, असा त्यामागचा विचार होता.

१९९१ मध्ये ग्रेटर नोएडासाठी स्वतंत्र प्राधिकरण आले आणि १९९७ मध्ये गौतम बुद्ध नगर हा नवा जिल्हा अस्तित्वात आला. या प्रत्येक टप्प्याबरोबर दादरी रस्त्याचे काम बदलत गेले. प्रथम तो गावांचा रस्ता होता. नंतर तो कारखान्यांचा रस्ता झाला. ग्रेटर नोएडा उभे राहिल्यावर तो दोन शहरांमधील दुवा बनला आणि सूरजपूरला जिल्हा मुख्यालय आल्यानंतर कचेरीला जाणाऱ्या प्रत्येकाचा रस्ता झाला. एवढ्या जबाबदाऱ्या पेलण्यासाठी तो कधीच आखला गेला नव्हता.

याला पर्यायही निर्माण झाले. नोएडा आणि ग्रेटर नोएडा यांना जोडणारा सुमारे साडेचोवीस किलोमीटरचा द्रुतगती मार्ग एकविसाव्या शतकाच्या आरंभी वापरात आला. ऑगस्ट २०१२ मध्ये १६५ किलोमीटरचा यमुना द्रुतगती मार्ग आग्र्यापर्यंत खुला झाला. मे २०१८ मध्ये दिल्लीला पूर्वेकडून वळसा घालणारा १३५ किलोमीटरचा द्रुतगती मार्ग सुरू झाला आणि जानेवारी २०१९ मध्ये नोएडा–ग्रेटर नोएडा मेट्रोची ‘ॲक्वा लाइन’ धावू लागली. स्वतःची मोटार असलेल्या आणि दूर जाणाऱ्या प्रवाशांना दादरी रस्त्याची गरज त्यामुळे कमी झाली. सायकलस्वार, पायी चालणारे, सामायिक रिक्षाने जाणारे आणि दुकानदार यांची गरज मात्र तेवढीच राहिली. द्रुतगती मार्गावर रिक्षा थांबत नाही आणि भाजीची गाडीही लागत नाही.

क्रमांक जातो, नाव राहते

महामार्ग निवृत्त होण्याचा दुसरा प्रकार नोएडाच्या उत्तर सीमेवर पाहावयास मिळतो. दिल्लीहून गाझियाबाद, हापूड, मुरादाबाद, बरेलीमार्गे लखनौला जाणारा मार्ग अनेक दशके राष्ट्रीय महामार्ग क्रमांक २४ होता. २०१० मध्ये केंद्र सरकारने देशातील सर्व राष्ट्रीय महामार्गांची नव्याने क्रमवारी लावली. उत्तर-दक्षिण जाणाऱ्या मार्गांना सम क्रमांक देण्यात आले. ते पूर्वेकडून पश्चिमेकडे वाढत जातात. पूर्व-पश्चिम मार्गांना विषम क्रमांक मिळाले आणि ते उत्तरेकडून दक्षिणेकडे वाढत जातात. या सूत्रानुसार नोएडाजवळचा मार्ग राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ९ झाला. २४ हा क्रमांक पूर्व उत्तर प्रदेशात, नेपाळ सीमेवरील सोनौलीहून गोरखपूरमार्गे गाझीपूरकडे जाणाऱ्या मार्गाला देण्यात आला. दादरीतून जाणाऱ्या ग्रँड ट्रंक रोडचा ९१ हा क्रमांकही जाऊन तेथे ३४ आला.

मराठी वाचकांना यातील गंमत लगेच उमगेल. २०१० पूर्वी ९ हा क्रमांक पुणे–सोलापूर–हैदराबाद महामार्गाचा होता. सोलापूरकरांच्या तोंडी वर्षानुवर्षे असलेला तो क्रमांक आज नोएडाच्या वेशीवर आहे आणि सोलापूरच्या रस्त्याला ६५ हा क्रमांक मिळाला आहे. मुंबई–पुणे–बंगळूरू मार्गाचा ४ जाऊन ४८ आला. मुंबई–गोवा मार्गाचा १७ जाऊन ६६ आला. पुणे–नाशिक मार्गाचा ५० हा क्रमांकही बदलून ६० झाला. तरीही नोएडाचे रिक्षाचालक अजूनही ‘चोवीस नंबर’ म्हणतात आणि कोकणातील जुनी माणसे ‘सतरा नंबर’च सांगतात.

क्रमांक बदलल्याने रस्त्याची मालकी बदलत नाही. राष्ट्रीय महामार्ग केंद्राच्याच अखत्यारीत राहतो. म्हणूनच नोएडाजवळच्या या मार्गाची पुढे मोठ्या प्रमाणावर सुधारणा होऊ शकली. दिल्ली–मेरठ द्रुतगती मार्गाच्या योजनेत निजामुद्दीन पुलापासून उत्तर प्रदेश सीमेपर्यंतचा साडेआठ किलोमीटरहून थोडा कमी लांबीचा टप्पा चौदा पदरी करण्यात आला आणि मे २०१८ मध्ये त्याचे उद्घाटन झाले. दर्जा टिकला म्हणून निधी मिळाला, असा याचा सरळ अर्थ. ज्या मार्गांचा दर्जाच जातो, त्यांची गोष्ट वेगळी आहे.

दर्जा कसा काढला जातो

आपल्या राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीनुसार राष्ट्रीय महामार्ग हा केंद्राचा विषय आहे, तर इतर रस्ते राज्यांच्या सूचीत येतात. बाराव्या अनुसूचीत शहरातील रस्ते आणि पूल नगरपालिकांकडे सोपविता येणाऱ्या विषयांत समाविष्ट आहेत. राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, १९५६ नुसार केंद्र सरकार अधिसूचना काढून एखादा मार्ग राष्ट्रीय महामार्ग म्हणून घोषित करते आणि तशीच अधिसूचना काढून तो यादीतून वगळू शकते. महाराष्ट्रात १९५५ चा महामार्ग अधिनियम लागू आहे. त्यानुसार राज्य सरकार रस्त्यांचे राज्यमार्ग, प्रमुख जिल्हा मार्ग, इतर जिल्हा मार्ग, ग्रामीण मार्ग असे वर्गीकरण करते. सार्वजनिक बांधकाम विभागाच्या भाषेत वरच्या वर्गात नेण्याला दर्जोन्नती आणि यादीतून काढण्याला अवर्गीकरण म्हणतात.

वर्गीकरणाबरोबर काही बंधने येतात. मार्गाच्या मध्यापासून ठराविक अंतरावर इमारत रेषा आणि नियंत्रण रेषा आखता येते. तिच्या आत बांधकाम करायचे तर परवानगी लागते. महामार्गालगत दुकाने आणि घरांची सलग रांग उभी राहू नये आणि पुढे रुंदीकरणाला जागा उरावी, हा त्यामागचा हेतू. रस्ता अवर्गीकृत झाला की त्याच्या देखभालीचा खर्च आणि लगतच्या बांधकामावर लक्ष ठेवण्याचे काम दोन्ही स्थानिक संस्थेकडे जाते. संस्था सक्षम असेल तर यात गैर काही नाही, किंबहुना शहरातील रस्ता शहराने सांभाळणे योग्यच होय. संस्था दुर्बल असेल किंवा हस्तांतर केवळ कागदोपत्री झाले असेल, तर रस्ता पोरका होतो.

मद्यविक्रीची बंदी आणि रातोरात बदललेले रस्ते

अवर्गीकरण हा शब्द सामान्य नागरिकाच्या कानी प्रथम पडला तो २०१७ मध्ये. १५ डिसेंबर २०१६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राष्ट्रीय आणि राज्य महामार्गांपासून ५०० मीटरच्या आत मद्यविक्री करण्यास मनाई केली. मद्यपान करून वाहन चालविल्याने होणारे अपघात रोखणे हा निकालाचा हेतू होता. ३१ मार्च २०१७ रोजी न्यायालयाने वीस हजारांपर्यंत लोकसंख्या असलेल्या ठिकाणांसाठी हे अंतर २२० मीटर केले आणि १ एप्रिलपासून बंदीची अंमलबजावणी सुरू झाली.

बंदी महामार्गालगत असल्याने अनेक राज्यांना एक सोपी वाट सापडली. महामार्ग राहिलाच नाही तर बंदीही उरत नाही. चंदीगड प्रशासनाने शहरातून जाणाऱ्या मार्गांचे वर्गीकरण बदलले. महाराष्ट्रातही काही शहरांतून जाणारे राज्यमार्ग महापालिका आणि नगरपालिकांकडे वर्ग करण्याच्या हालचाली झाल्या आणि जळगावसारख्या शहरात त्यावरून मोठा वाद झाला. रस्ते आमच्या माथी मारू नका, त्यांच्या दुरुस्तीचा खर्च पालिकेने कोठून करायचा, असा विरोधकांचा सवाल होता. ११ जुलै २०१७ रोजी चंदीगडच्या प्रकरणात न्यायालयाने स्पष्ट केले की मूळ निकालाचा रोख शहरांना जोडणाऱ्या मार्गांवर आहे आणि नगरपालिका क्षेत्रातील परवानाधारकांना तो लागू होत नाही. त्यानंतर वाद शमला.

या प्रकरणातून एक गोष्ट उघड झाली. रस्त्याचा दर्जा वाहतुकीच्या गरजेवरून ठरावा असे कायदा गृहीत धरतो. प्रत्यक्षात महसूल, व्यापार आणि न्यायालयीन बंधने यांचाही त्यावर प्रभाव पडतो. बार चालू राहावा म्हणून जो रस्ता एका सहीने शहराचा झाला, त्याच्या खड्ड्यांचा हिशेब त्या सहीत नव्हता.

मुंबई आणि पिंपरी-चिंचवडचा अनुभव

हस्तांतराची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. मुंबईचे पूर्व आणि पश्चिम द्रुतगती महामार्ग ही उपनगरी महामार्गांची देशातील ठळक उदाहरणे आहेत. नावात अजूनही ‘महामार्ग’ असला, तरी प्रत्यक्षात ते शहराच्या पोटातून जाणारे रस्ते आहेत. पावसाळ्यात खड्डे पडले की दोष महापालिकेला दिला जाई आणि महापालिका तो मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाकडे बोट दाखवून टोलवी. नोव्हेंबर २०२२ मध्ये हे दोन्ही महामार्ग प्राधिकरणाकडून महापालिकेकडे सोपविण्यात आले. तक्रार कोठे करायची एवढा एक प्रश्न तरी त्यामुळे सुटला. मुंबई महापालिका ही देशातील सर्वाधिक श्रीमंत पालिकांपैकी एक असल्याने ती हा भार पेलू शकते, हेही लक्षात घ्यावे लागेल.

जुन्या मुंबई–पुणे रस्त्याचे उदाहरण आणखी बोलके आहे. २००२ मध्ये मुंबई–पुणे द्रुतगती मार्ग पूर्ण झाला आणि दोन महानगरांमधील वेगवान वाहतूक तिकडे वळली. निगडीपासून दापोडीपर्यंतचा जुना रस्ता पिंपरी-चिंचवडचा मुख्य शहरी रस्ता बनला. तेथे मधल्या वेगवान मार्गिका आणि कडेचे सेवा रस्ते अशी रचना झाली, बससाठी वेगळी मार्गिका आली आणि पुढे मेट्रोही आली. हा रस्ता आदर्श झाला असे कोणी म्हणणार नाही. तो ओलांडणे आजही सोपे नाही. तरीही जुन्या महामार्गाला शहराच्या रस्त्यात रूपांतरित करण्याचा जाणीवपूर्वक प्रयत्न तेथे झाला आणि त्या प्रयत्नाचा जाब विचारता येईल असा नगरसेवक मतदारांना उपलब्ध होता.

नोएडात जाब कोणाला विचारायचा

येथेच नोएडाचे वेगळेपण समोर येते. लाखोंची वस्ती असलेल्या या शहरात महापालिका नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २४३-क्यू मध्ये औद्योगिक नगरीला नगरपालिकेतून सूट देण्याची तरतूद आहे. एखाद्या औद्योगिक आस्थापनेकडून नागरी सेवा मिळत असतील, तर तेथे नगरपालिका स्थापन न करण्याची मुभा राज्यपालांना आहे. त्या व्यवस्थेखाली नोएडाचा कारभार प्राधिकरणाकडे आहे आणि प्राधिकरणाचे प्रमुख हे शासननियुक्त अधिकारी असतात. शहराच्या पोटातील गावांना पूर्वी ग्रामपंचायती होत्या. २०१५ पासून तेथे पंचायतीच्या निवडणुकाही झालेल्या नाहीत. परिणामी भंगेल किंवा बरौला येथील रहिवासी खासदार आणि आमदार निवडतो, परंतु गल्लीतील दिव्यासाठी जबाबदार असा स्थानिक प्रतिनिधी त्याला निवडता येत नाही.

या व्यवस्थेची एक जमेची बाजू आहे. प्राधिकरणाकडे जमिनीच्या व्यवहारांतून निधी येतो आणि निर्णय जलद होऊ शकतात. रुंद रस्ते, झाडांच्या रांगा आणि मेट्रो ही त्याची फळे आहेत. दादरी रस्त्यावरील उन्नत मार्गही प्राधिकरणाच्याच निधीतून, उत्तर प्रदेश राज्य सेतू निगमाकडून बांधून घेण्यात आला. पण २०२० मध्ये काम सुरू झाले आणि ठरलेल्या मुदती एकामागून एक उलटत गेल्या. या सर्व काळात खालच्या रस्त्यावर पत्र्यांचे कुंपण, उकरलेली माती आणि अर्धवट गटारे होती. विलंबाबद्दल सभागृहात प्रश्न विचारणारा सदस्य नव्हता, कारण सभागृहच नव्हते.

नागरिकांचा आवाज येथे उमटतो तो रहिवासी संघटनांच्या आणि न्यायालयांच्या मार्गाने. दिल्ली आणि नोएडा यांना जोडणारा सव्वानऊ किलोमीटरचा डी.एन.डी. उड्डाणमार्ग २००१ मध्ये सुरू झाला. त्यावरील पथकराविरुद्ध नोएडाच्या रहिवासी संघटनांच्या महासंघाने जनहित याचिका केली. २६ ऑक्टोबर २०१६ रोजी अलाहाबाद उच्च न्यायालयाने पथकर बंद करण्याचा आदेश दिला आणि २० डिसेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो कायम केला. नागरिकांचा हा विजय उल्लेखनीय आहे. परंतु प्रत्येक पदपथासाठी आणि प्रत्येक गटारासाठी न्यायालयात जाणे कोणालाही परवडणारे नाही, आणि भंगेलच्या भाडेकरूला तर नाहीच. ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात नोएडाला महानगरपालिकेचे स्वरूप देण्याबाबत राज्य सरकारने विचार करावा, असे निर्देश दिले. त्यामुळे हा प्रश्न प्रथमच उच्चतम पातळीवर चर्चेला आला आहे.

आकडे काय सांगतात

रस्त्याच्या दर्जाचा संबंध जिवाशी आहे, असे आरंभी म्हटले. केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या अहवालानुसार २०२२ मध्ये देशात ४,६१,३१२ रस्ते अपघात झाले आणि त्यांत १,६८,४९१ व्यक्ती मृत्युमुखी पडल्या. यांपैकी ६१,०३८ मृत्यू राष्ट्रीय महामार्गांवर, ४१,०१२ मृत्यू राज्य महामार्गांवर आणि ६६,४४१ मृत्यू इतर रस्त्यांवर झाले. राष्ट्रीय आणि राज्य महामार्ग मिळून देशातील रस्त्यांच्या एकूण लांबीच्या सुमारे ५ टक्के आहेत, तरी ६० टक्के मृत्यू त्यांवर होतात. मृतांमध्ये ३२,८२५ पादचारी होते.

हे आकडे वाचताना एक सावधगिरी आवश्यक आहे. एखादा राज्यमार्ग अवर्गीकृत झाला की त्यावरील अपघात ‘राज्य महामार्ग’ या रकान्यातून ‘इतर रस्ते’ या रकान्यात जातात. वाहनांचा वेग तोच, वळण तेच, ओलांडणारी शाळकरी मुलेही तीच. तक्त्यात मात्र महामार्गांवरील मृत्यू घटल्याचे दिसू शकते. धोरण आखणारे तक्ता पाहून निधी ठरवितात. त्यामुळे निवृत्त मार्ग हा धोरणकर्त्यांच्या नजरेतूनही निवृत्त होण्याची भीती असते.

उपनगरी मार्गांचा मूळ दोष त्यांच्या दुहेरी स्वरूपात आहे. आखणी दूरच्या प्रवासासाठी आणि वापर घरासमोरील रस्त्यासारखा, अशी त्यांची अवस्था असते. मालमोटारचालक त्याला महामार्ग समजून वेग घेतो आणि रहिवासी त्याला गल्ली समजून ओलांडतो. उन्नत मार्गाने या दोघांना वेगळे केले, हे मान्य करावे लागेल. दादरी रस्त्यावरील कोंडीत तासन्‌तास अडकणाऱ्यांना त्याने खरा दिलासा दिला. आता खालच्या रस्त्यावर लांबच्या वाहतुकीचा दावा उरलेला नाही. म्हणूनच तो रस्ता तेथे राहणाऱ्यांना परत देण्याची संधी याच क्षणी आहे.

पुढे काय

ही संधी साधायची तर काही गोष्टी करणे अगत्याचे ठरेल. एक, दर्जा बदलताना केवळ अधिसूचना न काढता देखभालीचा निधी आणि जबाबदार अधिकाऱ्याचे पद हेही त्याच आदेशात नमूद व्हावे. हस्तांतरापूर्वी रस्ता दुरुस्त करून देण्याचे बंधन मूळ विभागावर असावे. दोन, महामार्गाचा शहरी रस्ता झाला की त्याची आखणीही बदलावी. मार्गिका अरुंद करून पदपथ रुंद करणे, ओलांडण्याच्या जागा निश्चित करणे, फेरीवाल्यांना ठराविक स्थान देणे आणि वेगमर्यादा खाली आणणे ही कामे उन्नत मार्गाच्या खर्चाच्या तुलनेत स्वस्त आहेत. तीन, अवर्गीकृत मार्गांवरील अपघातांची नोंद काही वर्षे तरी स्वतंत्र ठेवावी, म्हणजे दर्जा बदलल्याचा परिणाम कळेल. चार, नोएडासारख्या शहरांत या निर्णयांत स्थानिकांचा सहभाग असेल अशी निर्वाचित व्यवस्था यावी. महाराष्ट्रातही अनेक महापालिकांचा कारभार निवडणुका लांबल्याने वर्षानुवर्षे प्रशासकांच्या हाती होता. त्यामुळे हा प्रश्न यमुनेपलीकडचा म्हणून सोडून देता येणार नाही.

दादरी, सूरजपूर, छलेरा ही तीन नावे एकेका अक्षरात आक्रसली, तरी ती पुसली गेलेली नाहीत. गावांनी रस्त्याला नाव दिले होते. नंतर रस्त्याने शहराला वाट दिली आणि शहराने गावे गिळली. आता लांबच्या वाहतुकीने आपला स्वतंत्र मार्ग धरला आहे आणि रस्ता पुन्हा गावांजवळ आला आहे. सायंकाळी कारखाने सुटल्यावर त्या उन्नत मार्गाच्या खांबांमधून वाट काढीत घरी परतणारा कामगारवर्ग वरच्या रस्त्यावर किती मिनिटे वाचली याची चर्चा करीत नाही. गटाराचे झाकण जागेवर आहे की नाही, एवढेच तो पाहतो. निवृत्त मार्गाच्या नव्या मालकाची कसोटी त्या झाकणापासूनच सुरू होईल.